मोजणीवाले काका, वाटणीचा नकाशा आणि आमची आठ एकर : साडेचार स्टार

आधीच सांगते, हा रिव्ह्यू मिसळीचा नाही. नाशिकमध्ये मिसळीवर लिहिणारे पुष्कळ आहेत आणि मला रस्सा झेपतही नाही. हा एका माणसाच्या कामाचा रिव्ह्यू आहे. भूमी अभिलेख खात्यातून रिटायर झालेले एक मोजणीदार, आम्ही त्यांना मोजणीवाले काका म्हणतो, अशोकस्तंभाच्या अलीकडे एका जुन्या बिल्डिंगच्या पहिल्या मजल्यावर त्यांची खोली आहे, एक टेबल, तीन खुर्च्या, त्यातली एक डुगडुगती. बोर्ड नाही. नाव आणि नंबर टाकत नाही कारण त्यांनीच सांगितलंय, ताई जाहिरात करू नका, आता गुडघे दुखतात, इतकी कामं नकोत. मग रिव्ह्यू कशाला? तर अशी माणसं प्रत्येक तालुक्याच्या गावाला दोनचार असतातच आणि लोक त्यांच्याकडे सगळ्यात शेवटी जातात. आम्हीपण शेवटीच गेलो, तीन वर्षं कोर्टात घालवून.

आमचं प्रकरण थोडक्यात. माहेर निफाड तालुक्यात, द्राक्षाचं गाव. वडिलांच्या, म्हणजे अण्णांच्या नावावर आठ एकर, सातबाऱ्यावर ३ हेक्टर २० आर. त्यात तीन एकर द्राक्षबाग, बाकी कांदा, मका, गहू जे जमेल ते. गावठाणात घर. आणि म्हसरूळला अण्णांनी स्वतःच्या पगारातून घेतलेला एक प्लॉट. अण्णा २०१९ ला गेले. मागे आई, दादा, मी, आणि धाकटा. धाकटा सातपूरला कंपनीत आहे, शेती बघतो तो दादा. मी लग्न होऊन इंदिरानगरला. वारस नोंद वेळेत झाली, चौघांची नावं चढली, इथपर्यंत सगळं छान चाललेलं.

मग त्या वर्षीच्या भाऊबीजेला मी गेले तर वहिनीने साडी दिली आणि दादाने त्याच पिशवीतून एक कागद काढला. हक्कसोड, म्हणजे मी माझा हिस्सा सोडला असं लिहून देणारा. म्हणे बहिणी सोडतातच, आत्यानेपण कधी मागितलं नाही, तू काय कसायला येणारे का. मी म्हटलं वाचून सांगते. तेवढ्यावरून वर्षभर अबोला. ज्यांना हा अनुभव आहे त्यांना पुढचं सांगायची गरज नाही, आणि ज्यांना नाही त्यांनी एकच लक्षात ठेवा की हक्कसोड रजिस्टर करावं लागतं, नोटरीकडचा साधा कागद चालत नाही, आणि एकदा रजिस्टर झालं की "मला समजलं नव्हतं" म्हणून मागे फिरणं फार अवघड जातं. सही करायच्या आधी चहा पिऊन घरी जा.

दादाचं म्हणणं असं की आजोबांनी १९९१ मध्ये रजिस्टर वाटणी केलेली आहे, म्हणून मुलींचा कायदा आपल्याला लागूच होत नाही. हे त्याला गावातल्याच कुणीतरी सांगितलेलं आणि ते अर्धं खरं होतं, अर्धं खरं फार वाईट असतं. हिंदू वारसा कायद्याच्या २००५ च्या दुरुस्तीने मुलगी जन्मापासून मुलासारखीच हिस्सेदार झाली, आणि २० डिसेंबर २००४ च्या आधी रजिस्टर किंवा कोर्टाच्या हुकुमाने वाटणी झाली असेल तर ती उकरून काढता येत नाही, हे बरोबर. पण १९९१ ची वाटणी आजोबा, अण्णा आणि काका लोकांमधली होती. त्याने आत्याचा रस्ता बंद झाला, माझा नाही. त्या वाटणीत जे अण्णांच्या वाट्याला आलं त्यात आम्ही तिघंही भावंडं आलो. शिवाय महाराष्ट्रात तर हा कायदा केंद्राच्या आधीच, १९९४ लाच झालेला, त्या वर्षी २२ जूनच्या आधी लग्न झालेल्या मुली सोडून बाकी सगळ्यांना. माझं लग्न २००३ चं. आणि "वडील २००५ ला जिवंत होते का" हा जो प्रश्न लोक अजून विचारतात त्याचा निकाल सुप्रीम कोर्टाने ११ ऑगस्ट २०२० ला लावलाय, विनीता शर्मा केस, वडील कधीही वारलेले असोत मुलीचा हक्क जन्माने आहे. आमच्याकडे तर अण्णा २०१९ ला गेलेले, तो प्रश्नच नव्हता. (आत्याबद्दल मला अजून कसंतरी होतं. ती दर उन्हाळ्यात आईसोबत कुरडया घालायला येते आणि जमिनीबद्दल चकार शब्द नाही.)

तर मी सही केली नाही, आणि गंमत म्हणजे केस मी टाकलीच नाही, टाकली धाकट्याने, २०२१ ला, दादावर. दादा बागेचा हिशोब देत नाही म्हणून. आई आणि मी प्रतिवादी. आई रोज विचारायची मी काय केलं गं की माझ्या नावाने समन्स आलं. तिला समजावून समजावून दमले की वाटणीच्या दाव्यात सगळे हिस्सेदार पार्टी लागतात, गुन्हा नाहीये तो.

वकिलाचा रिव्ह्यू वेगळा लिहिणार नाही, नावही घेत नाही, फक्त एक सांगते. धाकट्याच्या पहिल्या वकिलांनी दाव्यात म्हसरूळचा प्लॉट घातलाच नाही. वाटणीचा दावा करायचा तर एकत्र कुटुंबाची सगळी मिळकत एकदमच घालावी लागते, नाहीतर समोरचा हरकत घेतो की हा अर्धवट दावा आहे, आणि दादाच्या वकिलांनी ती घेतलीच. मग दुरुस्ती अर्ज, त्यावर म्हणणं, त्यावर युक्तिवाद, आठ महिने त्यात. नंतर साक्षीचं शपथपत्र, मग जजसाहेबांची बदली, मग पुन्हा तारीख. ई-कोर्टच्या ॲपवर सोळा आकडी नंबर टाकून मी तारखा बघायचे, बघून बघून तो नंबर मला माझ्या आधारपेक्षा जास्त पाठ झाला.

आणि जे कोणी आम्हाला पहिल्या दिवशी सांगायला पाहिजे होतं ते तिसऱ्या वर्षी कळलं. शेतजमिनीच्या वाटणीत दिवाणी कोर्ट आधी फक्त हिस्से ठरवतं, प्राथमिक हुकूम म्हणतात त्याला. अमुकला पाव, तमुकला पाव. प्रत्यक्ष कुठला तुकडा कुणाचा हे सरकारी आकार भरणाऱ्या जमिनीत कोर्ट स्वतः करत नाही, दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ५४ प्रमाणे ते कलेक्टरकडे जातं, तिथून तहसीलदार, तिथून भूमी अभिलेख, मग मोजणीदार येऊन बांधावर उभा राहणार आणि तिथे खरं भांडण चालू होणार. म्हणजे दहा वर्षं लढून जिंकलो असतो तरी शेवटी साखळी धरणाऱ्या माणसासमोरच उभं राहायचं होतं. आमच्या हिस्स्यावर तर वादच नव्हता हो! अण्णा, आई, आम्ही तिघं असे पाच भाग धरायचे, मग अण्णांचा पाचवा भाग परत आम्हा चौघांत, एक पंचमांश अधिक एक विसांश, बेरीज पाव. प्लॉट अण्णांच्या स्वकष्टाचा, त्यातही चौघांना सारखं, पावच. हे गणित आठवीतला पोरगा करेल. भांडण होतं विहिरीचं, रस्त्याचं आणि बागेचं.

काकांचा पत्ता मला आमच्या सोसायटीतल्या एका बाईंनी दिला, त्यांचं सिन्नरकडचं प्रकरण काकांनी सोडवलेलं. सिन्नर-इगतपुरीकडे समृद्धीच्या वेळी घरोघरी हेच झालं म्हणाल्या, मोबदल्याला सह्या लागल्या की बारा वर्षं न बोलावलेल्या बहिणींना गाडी पाठवून आणलं. असो.

पहिल्यांदा एकटीच गेले. फी विचारली तर म्हणाले बसण्याचे पाचशे, पटलं तर पुढचं बोलू. मी सगळी कहाणी सांगायला लागले, हक्कसोड, भाऊबीज, वकील. दोन मिनिटांत हात वर केला. "ताई, हिस्सा मला सांगू नका. तुकडा सांगा. तुम्हाला कुठं उभं राहायचंय?" मी गप्प. खरं सांगते, तोपर्यंत मी चार वर्षं हक्क हक्क करत होते आणि आठ एकरात मला नक्की कुठली दोन एकर हवी हे मी एकदाही ठरवलं नव्हतं. धाकट्यानेही नाही, दादाला फक्त सगळं हवं होतं.

मग त्यांनी कागदांची यादी दिली, तोंडीच, मी मोबाईलवर लिहून घेतली. चालू सातबारा, आठ अ (खात्याचा उतारा), गट नकाशा, अण्णांच्या नावावर जमीन आली तो फेरफार (नावबदलाची नोंद), वारस नोंदीचा फेरफार, १९९१ च्या वाटणीपत्राची नक्कल, दाव्याची प्रत, गावच्या विकास सोसायटीच्या कर्जाचा दाखला, प्लॉटचं खरेदीखत. सातबारा डिजिटल सहीचा पंधरा रुपयांत ऑनलाइन निघतो, जुने फेरफार आपले अभिलेख साइटवर स्कॅन केलेले मिळाले, मला १९६२ पर्यंतचे सापडले, फक्त साइट रात्री अकरानंतर चालते हे कुणी सांगत नाही, दिवसा फिरत बसते. सातबारा दाखवून दादा नेहमी म्हणायचा की बाग माझ्या नावाने लागलीय, पीकपाहणीत माझं नाव आहे. काकांनी त्यालाच नंतर सुनावलं, सातबारा म्हणजे महसुलाचं खातं आहे, मालकी त्याने मिळतही नाही आणि जातही नाही, कोर्टांनी किती वेळा सांगितलंय. दादाचा चेहरा बघण्यासारखा होता. मी बघितला.

आता मुख्य भाग, चौघांना बसवण्याचा. इथे काकांना पाच पैकी सहा द्यायला पाहिजेत. त्यांची अट एक, ऑफिसात नाही, शेतात. आणि वकील नकोत, वहिन्या आणि जावई बांधाच्या बाहेर झाडाखाली. माझे मिस्टर आणि वहिनी दोन तास एका आंब्याखाली बसले, चार वर्षांत पहिल्यांदा एकमेकांशी बोलले म्हणे, हवामानावर. तारीख ठरवायला मात्र दोन महिने गेले. एकदा ऑक्टोबरची गोडी छाटणी चालू होती, छाटणीच्या वेळी दादा कलेक्टरने बोलावलं तरी येणार नाही, मग अवकाळी पावसाने शेतात पाय ठेवता येईना. हा वेळ काकांच्या खात्यावर टाकत नाही.

आले ते एक मोठा गट नकाशा आणि शाळेतल्या रंगपेटीतल्या चार पेन्सिली घेऊन. प्रत्येकाला एक रंग. आईला हिरवा. म्हणाले, कुणी कुणाशी बोलायचं नाही, आपापल्या झेरॉक्सवर आपल्याला हवा तो पाव भाग रंगवा आणि खाली लिहा का. दादाने सगळी बाग आणि विहीर रंगवली, तीन एकर, पाव भागाच्या बाहेर. धाकट्याने रस्त्याकडचा पूर्वेचा पट्टा. मी पण तोच रंगवला, मला आता लाज वाटते पण मला त्या जागेत काय करायचं होतं देव जाणे, रोडटच म्हणून. आईने काहीच रंगवलं नाही, फक्त विहिरीजवळच्या कडुनिंबावर हिरवा ठिपका दिला. तिथे अण्णा दुपारी झोपायचे.

काका काहीच बोलले नाहीत, तंबाखू मळत बसले. (हो, तंबाखू खातात, आणि बांधावर थुंकतात, अर्धा स्टार त्याचाही कापायचा होता पण शेतात काय बोलणार.)

नंतर त्यांनी चारही कागद शेजारी ठेवले आणि दादाला विचारलं, बाग तुझ्या कष्टाची, मान्य, पण कर्ज कुणाचं? सातबाऱ्याच्या इतर हक्क रकान्यात विकास सोसायटीच्या कर्जाचा बोजा चढलेला, अख्ख्या गटावर. दादा म्हणे मी फेडतोय. मग लिहून दे की बोजा बागेच्या तुकड्याबरोबर जाईल. इथे पहिल्यांदा दादा विचारात पडला, कारण तोपर्यंत त्याच्या डोक्यात बाग त्याची आणि बोजा सगळ्यांचा असं होतं.

धाकट्याची आयडिया वेगळी, रस्त्याला चौघांनाही तोंड पाहिजे, पाच पाच गुंठ्याच्या चार पट्ट्या पाडू, पुढे गाळे काढता येतील. काकांनी तिथेच खोडलं. तुकडेबंदी. २०२३ पासून प्रमाणभूत क्षेत्र, म्हणजे कमीत कमी चालणारा तुकडा, बागायतीला १० आर (साधारण १० गुंठे) आणि जिरायतीला २० आर आहे, शेतात त्याच्या आतला तुकडा पाडून आणलात तर नोंदच होणार नाही, फेरफार रद्द होऊन परत माझ्याकडे याल आणि मी परत पाचशे घेईन.

मग गावाकडची जुनी पद्धत असते ना, थोरल्याने वाटण्या पाडायच्या आणि धाकट्याने आधी उचलायची, ती त्यांनी काढली. पण सरळ नाही, कारण बाग एकाच बाजूला. दोन तास, तीन बैठका, आणि किती रबर झिजलं त्याला माप नाही. शेवटी जे ठरलं ते असं. आधी दक्षिणेच्या बांधाने ३ मीटरचा रस्ता, मागच्या तुकड्यापर्यंत, साडेचार आर त्यात गेले आणि ते एकूण क्षेत्रातून आधीच वजा केले, म्हणजे रस्त्याचा तोटा चौघांचा, एकट्या धाकट्याचा नाही. हे मला फार आवडलं, कारण वकिलांच्या मसुद्यात रस्ता "पूर्वापार वहिवाटीप्रमाणे" एवढंच होतं, आणि पूर्वापार वहिवाट म्हणजे उद्याचा नवा दावा. धाकट्याला पूर्वेचा रोडटच तुकडा. दादाला दोन एकर बाग. उरलेली एकर बाग आणि एकर मोकळी जमीन आईला, कडुनिंबासकट, बाग दादाच बघणार आणि आईला दर हंगामाला ठरलेली रक्कम देणार. मला मागचा नाल्याकडचा पट्टा. विहीर चौघांत सामाईक, पाण्याच्या पाळ्या वारासकट लिहिल्या, मोटर नवीन घ्यायची झाली तर खर्च कसा तेही लिहिलं, विजेचं बिल कुणाच्या मीटरवर तेही. मागच्या तुकड्याची किंमत कमी म्हणून रेडी रेकनर (सरकारी दराचा तक्ता) काढून हिशोब केला आणि प्लॉट आई आणि माझ्यात ठेवला, भावांनी त्यातलं सोडलं. गावातलं घर आई आणि दादाकडे.

मला विचाराल तर मी घाट्यात आहे का, थोडी आहे. नाल्याकडची जमीन पावसात चिबडते. पण चार वर्षं मला पाव हिस्सा होता आणि उभं राहायला एक फूट नव्हतं, आता मी तिथे शेवगा लावलाय. नणंद म्हणते माहेर तोडलंस. माहेर कधी तुटलं ते मला माहितीय, त्या पिशवीतून कागद निघाला तेव्हा.

आता काका काय करत नाहीत ते ऐका, कारण लोक तिथे चुकीच्या अपेक्षेने जातात. ते वकील नाहीत, मसुदा करत नाहीत, मृत्युपत्राचं विचारलं की सरळ वकिलाकडे जा म्हणतात. (मृत्युपत्राचं म्हणून, नाशिकला प्रोबेट, म्हणजे मृत्युपत्र कोर्टाकडून सिद्ध करून घेणं, सक्तीचं नाही, ते मुंबईचं प्रकरण होतं, तेही २०२५ पर्यंत.) त्यांचा नकाशा हा सरकारी नकाशा नाही. तो फक्त तुमच्या चौघांच्या डोक्यातला गोंधळ कागदावर आणतो. त्यानंतर सरकारी मोजणीला अर्ज करावाच लागतो, पोटहिस्सा मोजणी, फी वेगळी, चलनाने. आमच्या सरकारी मोजणीत आणि काकांच्या नकाशात एका बांधावर दीड फुटाचा फरक आला, काका म्हणाले येणारच, माझा फीता जुना आहे. कॉम्प्युटर त्यांना येत नाही, स्वच्छ नकाशा करायला खालच्या मजल्यावरच्या पोराकडे पाठवतात, त्याचे पंधराशे वेगळे आणि तो पोरगा दोनदा उत्तर दिशा उलटी काढून बसला.

त्यांचे एकूण अठरा हजार झाले, तीन बैठका, दोन वेळा शेतात येणं, नकाशा, आणि सरकारी मोजणीच्या दिवशी हजर राहणं धरून. पावती हाताने लिहून दिली. तीन वर्षांत आम्हा तिघा भावंडांचे मिळून वकील, झेरॉक्स, पेट्रोल आणि बुडालेले पगार किती झाले तो आकडा इथे लिहिला तर मिस्टर वाचतील.

कोर्टाचं काय केलं, हे मला सगळे विचारतात. केस मागे घ्यायची नाही, तीच वापरायची. नकाशा आणि अटी वकिलांकडे नेल्या, दोन्हीकडच्या वकिलांनी मिळून तडजोड पुरशीस (तडजोडीचा लेखी अर्ज) केली, नकाशा तिला जोडला, चौघांच्या सह्या, आणि प्रकरण पुढच्या राष्ट्रीय लोकअदालतीत ठेवलं. तिथे सकाळी अकराला गेलो, दोन वाजता मोकळे. लोकअदालतीचा निवाडा दिवाणी कोर्टाच्या हुकुमासारखाच असतो, वर अपील नाही, म्हणजे उद्या कुणाची बायको किंवा मेव्हणा काही म्हणाला तरी तो उघडत नाही, आणि धाकट्याने भरलेली कोर्ट फीसुद्धा परत मिळते. तोच निवाडा लावून तहसीलला अर्ज, मोजणी, आकारफोड (सरकारी आकार तुकड्यांत वाटणं), फेरफार, नोटिशीचे पंधरा दिवस हरकतीला, कुणी घेतली नाही. आता चार वेगळे सातबारे आहेत. वेगळा सातबारा हातात आला त्या दिवशी मी सीबीएससमोर रसवंतीत बसून दोन ग्लास रस प्यायले, एकटीने.

ज्यांची केस अजून झालेली नाही आणि सगळे सहीला तयार आहेत त्यांनी तर कोर्टात जाऊच नका, जमीन महसूल संहितेच्या कलम ८५ खाली तहसीलदाराकडे सगळ्यांच्या संमतीने वाटप होतं. वाटणीपत्राची नोंदणी फी आधी किमतीच्या १ टक्का, जास्तीत जास्त ३० हजार होती, ती शेतजमिनीसाठी माफ करायचा निर्णय सरकारने मे २०२५ मध्ये घेतला. नुसत्या त्या फीपायी तोंडी वाटणीवर चालवणारी अर्धा डझन घरं माझ्या ओळखीची आहेत, तोंडी वाटणी म्हणजे पुढच्या पिढीला ठेवलेलं भांडण.

आणि बायकांसाठी दोन गोष्टी, ज्या मला उशिरा कळल्या. मालमत्तेच्या काही वादांत महाराष्ट्रात बाईला कोर्ट फी माफ आहे, १९९४ पासून. आणि विधी सेवा प्राधिकरणाकडून बाईला फुकट वकील मिळतो, त्याला उत्पन्नाची अट नाही, १९८७ च्या कायद्यात तसं लिहिलंय. मी पहिल्या दोन वर्षांत वकिलाला पैसे देण्यासाठी सोन्याची एक बांगडी मोडली. कुणी सांगितलं नाही.

दादा आता बोलतो. जास्त नाही, पाण्याची पाळी असली की फोन करतो, "ताई उद्या मंगळवार, मोटर सोडू का." यावर्षी भाऊबीजेला मी गेले होते. साडी मिळाली. पिशवी मी उलटी करून बघितली, वहिनीच आधी हसली.

जाणार असाल तर या गोष्टी. सोमवारी ते त्र्यंबकला जातात, ऑफिस बंद. दुपारी एक ते चार फोन उचलत नाहीत, मेसेज वाचतच नाहीत, सरळ जाऊन दाराशी उभं राहायचं, अर्धा स्टार त्याचाच कापलाय. डुगडुगत्या खुर्चीवर बसू नका. मूळ कागद देऊ नका, झेरॉक्सच न्या, ते पेन्सिलीने त्यावर काहीबाही लिहितात. एकाच पक्षाने जाऊन "माझ्या बाजूने काढा" म्हटलं तर पाचशे परत देऊन घालवतात, माझ्यासमोर एकाला घालवलंय. रंगीत पेन्सिली मात्र घरून न्या, त्यांच्याकडचा हिरवा आमच्या आईने संपवला.